वऱ्हाडाच्या जागा कोणी घेतल्या? पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशाच्या खटल्यांचा इतिहास

१. पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशाचा हंगाम आला की अमरावती-अकोल्यात दोन वाक्ये हमखास कानावर येतात. पहिले, "न्यायालयांनी विदर्भाचा हक्क काढून घेतला." दुसरे, "मागास भागाला कोटा म्हणजे गुणवत्तेचा बळी." बोलणारे एकमेकांचे विरोधक असतात, परंतु चूक दोघांचीही होते. गेल्या चाळीस वर्षांतील निकाल ओळीने मांडले तर दोष न्यायालयांकडे जात नाही आणि मागास भागाकडेही जात नाही. तो राज्य शासनाकडे जातो. हा धागा त्याच आरोपाचा आहे. मांडणी कालक्रमाने आहे.

२. आरंभ वैद्यकीय प्रवेशांच्या बराच आधी होतो. वऱ्हाड १८५३ मध्ये निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आले. १९०२ च्या कराराने ते वार्षिक २५ लाख रुपयांच्या खंडावर कायमचे इंग्रजांकडे राहिले आणि १९०३ पासून मध्य प्रांताच्या कारभाराला जोडले गेले. कापूस वऱ्हाडचा, राजधानी मात्र नागपूर. विद्यापीठ नागपूरला (१९२३), उच्च न्यायालय नागपूरला (१९३६), रॉबर्टसन मेडिकल स्कूलही नागपूरला. वऱ्हाडचा महसूल नागपुरात खर्ची पडतो, ही तक्रार तेव्हापासूनची आहे. म्हणून 'विदर्भावर अन्याय' हे वाक्य उच्चारताना विदर्भाच्या पोटातले वऱ्हाड वेगळे मोजावे लागते. पुढच्या सगळ्या हिशेबात हा भेद कामी येतो.

३. संयुक्त महाराष्ट्राचा विचार सुरू झाला तेव्हा वऱ्हाडातील नेत्यांच्या मनात हीच भीती होती : एका राजधानीकडून सुटून दुसरीच्या ताब्यात जाण्याची. ऑगस्ट १९४७ चा अकोला करार या भीतीतून झाला. २८ सप्टेंबर १९५३ चा नागपूर करार त्याच्या पुढचा. त्यात निधी व नोकऱ्यांबरोबर शिक्षणाचाही उल्लेख आहे. व्यावसायिक, शास्त्रीय व विशेष प्रशिक्षण देणाऱ्या संस्थांमधील प्रवेश त्या त्या विभागाच्या लोकसंख्येच्या प्रमाणात मिळावेत, असे वचन त्यात दिले गेले. वैद्यकीय प्रवेशाचा विभागीय वाद कोणत्या मंत्र्याच्या लहरीतून जन्मलेला नाही. महाराष्ट्र ज्या अटींवर एकत्र आला, त्यांतील एका अटीतून तो आला आहे.

४. १९५६ च्या सातव्या घटनादुरुस्तीने या वचनाला संविधानात जागा मिळाली. अनुच्छेद ३७१ (२) नुसार विदर्भ, मराठवाडा व उर्वरित महाराष्ट्रासाठी स्वतंत्र विकास मंडळे, निधीचे न्याय्य वाटप, तसेच तांत्रिक शिक्षण व व्यवसाय प्रशिक्षणाच्या पुरेशा सोयी यांची विशेष जबाबदारी राज्यपालांकडे देता येते. तरतूद १९५६ ची. मंडळे प्रत्यक्षात आली १९९४ मध्ये. मधली अडतीस वर्षे कोणत्या न्यायालयाने वाया घालवली? कोणत्याही नाही.

५. या अडतीस वर्षांतील वैद्यकीय नकाशा पाहू. मुंबईत ग्रँट मेडिकल कॉलेज १८४५ पासून होते. त्यानंतर नायर (१९२१), केईएमचे जी. एस. (१९२६) आणि शीवचे लोकमान्य टिळक (१९६४) ही महाविद्यालये झाली. पुण्यात बी. जे. १९४६ पासून. नागपुरात शासकीय वैद्यकीय महाविद्यालय १९४७ मध्ये निघाले, १९६८ मध्ये मेयो रुग्णालयाला जोडून दुसरे. १९६९ मध्ये सेवाग्राम. हे सारे वर्धा नदीच्या पूर्वेला. नदीच्या पश्चिमेला, म्हणजे वऱ्हाडात, तोपर्यंत आधुनिक वैद्यकाचे एकही महाविद्यालय नव्हते. अमरावतीचे आयर्विन व डफरीन, अकोल्याचे लेडी हार्डिंग ही रुग्णालये होती. रुग्णही होते. शिकवण्याची सोय नव्हती.

६. १ मे १९८३ रोजी अमरावती विद्यापीठ स्थापन झाले. वऱ्हाडाला स्वतःचे विद्यापीठ मिळाले याचा आनंद रास्तच होता. परंतु त्या विद्यापीठाच्या क्षेत्रात त्या दिवशी एमबीबीएसची एकही जागा नव्हती. पहिले महाविद्यालय पुढच्या वर्षी, १९८४ मध्ये, अमरावतीत निघाले. ते शासनाने काढले नाही. डॉ. पंजाबराव देशमुखांनी स्थापन केलेल्या श्री शिवाजी शिक्षण संस्थेने काढले आणि त्यांचेच नाव त्याला दिले. याच १९८४ मध्ये दिल्लीत एक निकाल लागला. पुढच्या चाळीस वर्षांची चौकट त्याने आखून दिली.

७. २२ जून १९८४, डॉ. प्रदीप जैन विरुद्ध भारत सरकार. प्रश्न असा होता : एखादे राज्य आपल्या वैद्यकीय महाविद्यालयांतील सगळ्या जागा आपल्याच रहिवाशांसाठी राखून ठेवू शकते काय? न्या. पी. एन. भगवती यांच्या पीठाने नाही म्हटले. भूमिपुत्राच्या नावाखाली सरसकट कुंपण घालणे समानतेच्या हक्काला बाधक ठरते, अशी भूमिका पीठाने घेतली. एमबीबीएससाठी अशा आरक्षणाला वरची मर्यादा ठरली. पदव्युत्तर पातळीवर तर रहिवासाच्या आधारावरचे आरक्षणच नाकारले गेले. जसजशी तज्ज्ञतेची पायरी वर जाते, तसतशी गुणवत्तेला मुरड घालण्याची मुभा कमी होते, हा त्यामागचा विचार.

८. याच निकालात एक दार मात्र उघडे राहिले. पदव्युत्तर जागांपैकी निम्म्यापर्यंत जागा 'संस्थात्मक प्राधान्या'ने भरण्यास न्यायालयाने मान्यता दिली. ज्याने त्या महाविद्यालयातून वा विद्यापीठातून एमबीबीएस केले, त्याला तिथल्या पदव्युत्तर जागेवर अग्रक्रम देता येईल. अतिविशेष अभ्यासक्रमांत तेही नाही. म्हणजे जन्माने वा वास्तव्याने मिळणारा हक्क गेला, संस्थेमुळे मिळणारा हक्क उरला. तत्त्व म्हणून यात वावगे काही नाही. अन्याय झाला तो हे तत्त्व ज्या नकाशावर उतरले त्या नकाशामुळे.

९. कारण संस्थेचा हक्क संस्था असणाऱ्यालाच वापरता येतो. जून १९८४ मध्ये मुंबईकडे चार जुनी महाविद्यालये होती, नागपूरकडे दोन. वऱ्हाडकडे एक, तेही त्याच वर्षी जन्मलेले आणि पदव्युत्तर जागांपासून अनेक वर्षे दूर. अकोल्याचा मुलगा नागपूरच्या मेडिकलमध्ये एमबीबीएस करी, तेव्हा संस्थात्मक प्राधान्याच्या हिशेबात तो नागपूरचा ठरे. त्याला जागा मिळाली तर ती नागपुरात. शिकून झाल्यावर प्रशिक्षण, ओळखी, रुग्णालये, सगळे नागपुरातच. निकालाने वऱ्हाडाकडून काही हिरावले नाही, कारण हिरावून घ्यावे असे वऱ्हाडात काही उभारलेच गेले नव्हते. 'न्यायालयाने हक्क काढला' हे पहिले वाक्य इथे कोसळते.

१०. दुसरे वाक्य कोसळण्यासाठी १९८६ पर्यंत यावे लागते. निदामर्ती महेशकुमार विरुद्ध महाराष्ट्र राज्य. हा खटला एमबीबीएसच्या प्रवेशाचा होता. पण संस्थात्मक प्राधान्यामुळे एमबीबीएस कुठे होते यावरच पदव्युत्तर जागेचे भवितव्य ठरत असल्याने तो इथे महत्त्वाचा. महाराष्ट्राची तेव्हाची पद्धत अशी : ज्या विद्यापीठाच्या क्षेत्रातील शाळा-महाविद्यालयात विद्यार्थी शिकला, त्याच क्षेत्रातील वैद्यकीय महाविद्यालयात त्याला प्रवेश. राज्याच्या आतच कुंपणे घातली गेली होती.

११. सर्वोच्च न्यायालयाने ही सरसकट कुंपणे रद्द केली. राखीव प्रवर्गांच्या जागा वगळून उरणाऱ्या खुल्या जागांपैकी जास्तीत जास्त ७० टक्के त्या विभागात शिकलेल्यांसाठी ठेवता येतील आणि किमान ३० टक्के राज्यातील इतर विभागांसाठी खुल्या राहतील, असे ठरले. महाराष्ट्रात पुढे गाजलेल्या '७०:३०' सूत्राचा उगम हा आहे. त्यामुळे हे सूत्र म्हणजे विदर्भ-मराठवाड्यातील पुढाऱ्यांनी पदरात पाडून घेतलेली खिरापत, हा समज निराधार ठरतो. ते मुळात न्यायालयाने घातलेले बंधन होते.

१२. त्याच निकालातील एक विचार फारसा कोणी सांगत नाही. एखादा भाग वैद्यकीय शिक्षणाच्या संधींत किंवा वैद्यकीय सेवेत खरोखरच मागे असेल, तर त्या भागातील विद्यार्थ्यांना मोठ्या प्रमाणात प्राधान्य देणे समानतेच्या तत्त्वात बसू शकते, कारण त्याशिवाय ते पुढारलेल्या भागांशी स्पर्धाच करू शकणार नाहीत, असे न्यायालयाने मान्य केले होते. मागासपण हा गुणवत्तेचा शत्रू आहे असे न्यायालय म्हणाले नाही. शासनाची योजना मात्र मुंबई-पुण्याच्या क्षेत्रालाही तेच कुंपण देत होती. मागास भागासाठी राखून ठेवायचे हत्यार सगळ्यांच्या हाती दिले आणि मग ते सगळ्यांच्याच हातून काढून घेतले गेले.

१३. १९८९ मध्ये आणखी एक पदर उलगडला. बृहन्मुंबई महानगरपालिका विरुद्ध ठुकराल अंजली देवकुमार हा खटला थेट पदव्युत्तर प्रवेशांचा. मुंबई विद्यापीठात जो ज्या महाविद्यालयातून एमबीबीएस झाला त्याला त्याच महाविद्यालयातील पदव्युत्तर जागेवर अग्रक्रम, अशी रीत होती. एकाच विद्यापीठातील महाविद्यालयांमध्ये असा भेद करता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. ही भिंत पाडली गेली ती मुंबईची. न्यायालये केवळ मागास विभागांवर उलटली, या आरोपाचे उत्तर या एका खटल्यात आहे.

१४. याच दशकात वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखालील समितीने प्रादेशिक असमतोल मोजला. १९८४ च्या तिच्या अहवालात राज्याचा एकूण अनुशेष सुमारे ३,१८७ कोटी रुपये निघाला. त्यातला सुमारे १,२४७ कोटींचा अनुशेष विदर्भाचा होता. आरोग्य, शिक्षण, सिंचन, रस्ते, सगळे त्यात होते. म्हणजे ज्या वर्षी सर्वोच्च न्यायालय रहिवासाचा हक्क नाकारत होते, त्याच वर्षी शासनाच्या टेबलावर मागासपणाचा आकडेवार पुरावा पोचला होता. दोन वर्षांनी न्यायालयाने मागास भागासाठी वाट मोकळी ठेवली, तेव्हा तो पुरावा हाती घेऊन केवळ मागास विभागांपुरती वेगळी प्रवेशयोजना आखता आली असती. शासनाने सर्व विभागांना सारखे ७०:३० लावले आणि विषय मिटवला.

१५. आता विदर्भाच्या पोटातले वऱ्हाड. ७०:३० मध्ये एकक होते 'विदर्भ'. नागपूरच्या शिकवणी वर्गांत तयार झालेला विद्यार्थी आणि दर्यापूरच्या किंवा मूर्तिजापूरच्या कनिष्ठ महाविद्यालयातला विद्यार्थी एकाच ७० टक्क्यांत स्पर्धा करत. मुंबईपासून संरक्षण मिळाले. नागपूरपासून मिळाले नाही. आणि जागा तरी कुठे होत्या? वऱ्हाडातले पहिले शासकीय वैद्यकीय महाविद्यालय १९८९ मध्ये यवतमाळला निघाले. अकोल्याला ते २००२ मध्ये आले. अमरावतीला, विभागाच्या मुख्यालयाला, शासकीय वैद्यकीय महाविद्यालय मिळण्यास २०२४ साल उजाडले. नागपूरच्या पहिल्या शासकीय महाविद्यालयानंतर सत्त्याहत्तर वर्षांनी.

१६. इथे एक प्रश्न येईल : महाविद्यालय निघाले की पदव्युत्तर जागा आपोआप येत नाहीत काय? नाहीत. पूर्वी आधी एमबीबीएसची तुकडी बसे, ती पुढे सरके, अभ्यासक्रमाला मान्यता मिळे. प्रत्येक विषयात खाटा, युनिट आणि पात्र मार्गदर्शक प्राध्यापक दाखवावे लागतात. एका मार्गदर्शकामागे वर्षाला ठरावीक विद्यार्थी, असा नियम. म्हणजे एमडीची जागा इमारतीतून जन्मत नाही, प्राध्यापकाच्या भरलेल्या पदातून जन्मते. पद रिक्त, तर जागा नाही. जागा नाही, तर तज्ज्ञ घडत नाही. तज्ज्ञ घडला नाही, तर उद्याचे पद भरायला माणूस नाही. हे चक्र प्रवेशाच्या नियमांनी तुटत नाही. पदे भरूनच तुटते.

१७. मे २०१९ मध्ये वादाचे केंद्र नागपूर खंडपीठात आले. अमरावती-अकोल्याचे खटलेही याच खंडपीठापुढे जातात. मराठा समाजासाठीचा एसईबीसी कायदा ३० नोव्हेंबर २०१८ पासून लागू झाला होता. आधीच सुरू झालेल्या प्रवेशप्रक्रियेला तो लागू होणार नाही, असे त्या कायद्यातच लिहिले होते. पदव्युत्तर नीटची प्रक्रिया त्याआधी सुरू झाली होती. खंडपीठाने त्या वर्षीच्या पदव्युत्तर प्रवेशांना ते आरक्षण लागू होत नाही असे ठरवले. सर्वोच्च न्यायालयाने हस्तक्षेप केला नाही. त्याच महिन्यात शासनाने अध्यादेश काढून ती तरतूदच बदलली.

१८. मराठा विद्यार्थी आझाद मैदानावर आंदोलनाला बसले. खुल्या प्रवर्गातील विद्यार्थी पुन्हा न्यायालयात गेले. जून २०१९ मध्ये उच्च न्यायालयाने ती दुरुस्ती ग्राह्य धरली. ५ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मूळ आरक्षणच रद्द केले. या आरक्षणाबद्दल कोणाचे मत काहीही असो, एक गोष्ट दोन्ही बाजूंना मान्य व्हावी : कायद्यात तारखेचे कलम लिहिणारे शासन, त्याच कलमाकडे दुर्लक्ष करून जागा वाटणारे शासन आणि वाटप अडल्यावर ते कलम बदलणारेही शासनच. दोन्हीकडचे तरुण डॉक्टर एकमेकांशी भांडत राहिले, आणि भांडण होते जुन्याच जागांच्या पाटासाठी. नवीन पाट मांडण्याची मागणी त्या गदारोळात कोणाच्या तोंडी फारशी नव्हती.

१९. मग आले २०२०. ३० एप्रिल रोजी वैधानिक विकास मंडळांची मुदत संपली. मुदतवाढ मिळाली नाही. सप्टेंबरमध्ये वैद्यकीय शिक्षणमंत्र्यांनी विधिमंडळात ७०:३० सूत्र रद्द केल्याची घोषणा केली. या सूत्रामुळे अन्याय होतो अशी ओरड मराठवाड्यात होती आणि ती खोटी नव्हती : विभागात महाविद्यालये कमी, म्हणून ७० टक्क्यांतही जागा कमी. परंतु जागांच्या तुटवड्यावर उपाय म्हणून कुंपण काढले गेले, जागा वाढवण्याचे वेळापत्रक जाहीर झाले नाही. अनुशेष मोजणारी व्यवस्था आणि प्रवेशातले विभागीय संरक्षण, दोन्ही पाच महिन्यांच्या आत गेले. यातला एकही निर्णय न्यायालयाचा नव्हता.

२०. त्याच वर्षी न्यायालयाने मात्र एक दार उघडले होते. ३१ ऑगस्ट २०२० रोजी तामिळनाडू मेडिकल ऑफिसर्स असोसिएशनच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितले की, शासकीय सेवेतील डॉक्टरांसाठी पदव्युत्तर पदवीच्या जागा राखण्याचा अधिकार राज्यांना आहे. २०१६ च्या एका निकालाने ही वाट अडली होती. आता ग्रामीण रुग्णालयात व प्राथमिक आरोग्य केंद्रात राबणाऱ्या वैद्यकीय अधिकाऱ्याला तज्ज्ञ करून परत त्याच भागात आणण्याचा मार्ग घटनेच्या दृष्टीने निर्वेध झाला. रहिवासाचा दाखला जे साधू शकत नव्हता, ते सेवेचा दाखला साधू शकतो.

२१. २९ जानेवारी २०२५ रोजी तन्वी बहल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा स्पष्ट केले : पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशात रहिवासावर आधारित आरक्षण चालणार नाही, संस्थात्मक प्राधान्य वाजवी प्रमाणात चालेल. खटला चंदीगडच्या महाविद्यालयाचा होता, पण समाजमाध्यमांवर वऱ्हाडातही हळहळ व्यक्त झाली तर नवल नाही. त्या हळहळीचे कारण मात्र चुकते. हा १९८४ चाच निकाल एकेचाळीस वर्षांनी पुन्हा उच्चारला गेला. प्रश्न असा विचारायला हवा : संस्थेलाच हक्क मिळणार हे १९८४ पासून ठाऊक असताना शासनाने वऱ्हाडात संस्था उभारायला इतकी वर्षे का घेतली?

२२. आक्षेप पहिला : "अधिक गुणांचा डॉक्टर अधिक चांगला, विभागाचा विचारच कशाला?" हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही. तज्ज्ञतेच्या पातळीवर गुणवत्तेला वजन द्यावे, हे न्यायालयानेही म्हटले आहे. परंतु अकोल्यात मेडिसिनच्या किंवा बालरोगाच्या जागा वाढवल्याने कोणाचे गुण कमी होतात? देशभराच्या नीट-पीजीतील गुणवत्ता यादीनेच त्या भरल्या जातील. जागा वाढवण्याच्या मागणीला गुणवत्तेचा आक्षेप लागूच पडत नाही. तो वाटपाच्या भांडणातला आक्षेप आहे, उभारणीतला नव्हे.

२३. आक्षेप दुसरा : "स्थानिक कोट्यातून झालेला डॉक्टर तरी गावी कुठे परततो?" खरे आहे. रहिवासाचा दाखला म्हणजे परतण्याची हमी नव्हे. ७०:३० च्या तीन दशकांनी वऱ्हाडातली तज्ज्ञांची टंचाई संपवली नाही, हे विदर्भवाद्यांनी प्रामाणिकपणे कबूल करावे. पण निवासी डॉक्टर म्हणून ज्याने तीन वर्षे अकोल्याच्या सर्वोपचार रुग्णालयात काढली, त्याचे शिक्षक, रुग्ण व सहकारी तिथलेच असतात. तो तीन वर्षे तरी तिथे असतो आणि त्या तीन वर्षांत रात्रीचा अपघात विभाग तोच चालवतो. पदव्युत्तर जागा म्हणजे विद्यार्थ्याचे भविष्य असते, तितकेच रुग्णालयाचे वर्तमानही असते.

२४. आक्षेप तिसरा : "आता २०२४ मध्ये अमरावती, बुलढाणा, वाशीमला शासकीय महाविद्यालये मिळाली, तक्रार कसली?" मिळाली, आणि त्याचे स्वागतच आहे. पण ती एमबीबीएसची सुरुवात आहे. कलम क्रमांक १६ मधला प्रवास त्यांच्यापुढे अजून पुरा आहे. नव्या महाविद्यालयाला शिक्षक कुठून आणणार? जुन्या महाविद्यालयातून बदलीवर आणले, तर तपासणीच्या दिवशी नव्याची गणना जमते आणि जुन्याची बिघडते. फलक वाढतात, प्राध्यापक तेवढेच राहतात.

२५. हे सगळे कशासाठी, हे मेळघाटात कळते. धारणी व चिखलदरा या अमरावती जिल्ह्यातील तालुक्यांतल्या बालमृत्यूंवर मुंबई उच्च न्यायालयात वर्षानुवर्षे जनहित याचिका चालत आल्या आहेत. बालरोगतज्ज्ञ व स्त्रीरोगतज्ज्ञ नेमा, असे न्यायालयाने शासनाला वेळोवेळी बजावले आहे. एका दालनात पदव्युत्तर जागा कोणाला द्यायच्या याचा वाद चालतो, दुसऱ्या दालनात तज्ज्ञ का नाहीत याचा जाब विचारला जातो. दोन्ही खटल्यांत प्रतिवादी एकच : महाराष्ट्र शासन. पहिल्या खटल्यातली जागा दुसऱ्या खटल्यातल्या खाटेशी जोडण्याचे काम मात्र न्यायालयाचे नाही, त्या प्रतिवादीचे आहे.

२६. अवघडलेल्या बाळंतिणीला धारणीहून घाटरस्त्याने अमरावतीच्या डफरीनपर्यंत न्यावे लागते, तेव्हा गाडीत बसलेल्या माणसांना ७०:३० माहीत नसते, प्रदीप जैन माहीत नसतो, अनुच्छेद ३७१ माहीत नसतो. त्यांना एवढेच हवे असते की धारणीतच भूल देणारा व शस्त्रक्रिया करणारा कोणी असावा. तो डॉक्टर अमुक तालुक्यात जन्मला होता काय, हा त्यांचा प्रश्न नाही. तो कुठे तरी शिकायला हवा होता आणि तिथून त्याला इथे पाठवायला हवे होते, एवढाच त्यांचा प्रश्न.

२७. म्हणून वऱ्हाडातील तरुणांनी मागणी बदलावी. रहिवासाचा कोटा परत मागणे म्हणजे १९८४ पासून बंद असलेले दार ठोठावणे. मागायचे ते हे : एक, अकोला, यवतमाळ व अमरावतीच्या शासकीय महाविद्यालयांतील शिक्षकांची पदे भरण्याचे तारखांसह वेळापत्रक. दोन, त्या पदांच्या आधारे प्रत्येक मूलभूत विषयात पदव्युत्तर जागा. तीन, २०२० च्या घटनापीठाने मोकळ्या केलेल्या मार्गाने सेवेतील डॉक्टरांसाठी जागा आणि त्याबदल्यात मेळघाटासारख्या भागात ठरावीक वर्षांची सेवा. चार, अनुशेष मोजणारी यंत्रणा पुन्हा उभी करणे आणि तिचे मोजमाप विभागनिहाय नव्हे, जिल्हानिहाय करणे.

२८. यातल्या एकाही मागणीला न्यायालयाची आडकाठी नाही. एकीलाही गुणवत्तेचा बळी द्यावा लागत नाही. चारही गोष्टी शासनाच्या हातात आहेत आणि १९५३ मध्ये नागपुरात दिलेल्या शब्दात त्या बसतात. पुढच्या प्रवेश हंगामात कोणी पुन्हा म्हणेल की न्यायालयांनी वऱ्हाडाच्या जागा घेतल्या, तेव्हा त्याला एवढेच विचारावे : जून १९८४ मध्ये वऱ्हाडात पदव्युत्तर जागा किती होत्या? उत्तर शून्य आहे. जी जागा कधी निर्माणच झाली नाही, ती कोणी घेतली याचा शोध न्यायालयात लागत नाही. तो मंत्रालयाच्या अडतीस वर्षांच्या धारिकांत लागतो.